ती पाठ कुणाची?



खुर्चीपासून सुरुवात करतो. खुर्ची आपल्याला चांगली माहीत आहे. आपल्या आज्या-पणज्यांनी ती लांबून पाहिली. पाटील खुर्चीत, सावकार खुर्चीत, आपण खाली, तेही उंबऱ्याबाहेर. तेव्हा ही गोष्ट तुम्हाला फोड करून सांगायला नको.

साल १६२२. आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरचं लुआंडा बंदर. पोर्तुगीज गव्हर्नर खुर्चीत बसलाय. समोर एन्डोंगो राज्याच्या राजाची बहीण तहाची बोलणी करायला आलीय. नाव एन्झिंगा. वय चाळिशीच्या आसपास. तिच्यासाठी खुर्ची नाही. जमिनीवर बैठक अंथरलीय. म्हणजे बोलणी सुरू व्हायच्या आधीच ठरवून टाकलं, वर कोण आणि खाली कोण. तिनं एका दासीला खूण केली. दासी हातापायांवर ओणवी झाली. एन्झिंगा तिच्या पाठीवर बसली आणि गव्हर्नरच्या डोळ्याला डोळा भिडवून बोलली. खंडणी मागितली तेव्हा म्हणाली, खंडणी हरलेल्याकडून घेतात, आम्ही हरलेलो नाही.

टाळ्या वाजवाव्यात अशीच ही गोष्ट आहे. मीसुद्धा वाजवल्या होत्या. पण थांबा. या गोष्टीकडे मी परत येणार आहे.

आधी हे पोर्तुगीज कोण ते बघू. आपल्याला ते परके नाहीत. १५१० साली ज्यांनी गोवा घेतला तेच हे. मोझांबिकची काळी माणसं गोव्याच्या बाजारात आणून विकणारे तेच. अंगोलात त्यांना हवी होती माणसंच. समुद्रापलीकडे ब्राझीलमध्ये उसाचे मळे उभे राहिले होते. साखरेला मजूर लागतात, आणि फुकटचा मजूर म्हणजे गुलाम. अटलांटिकपार नेलेल्या सुमारे सव्वा कोटी आफ्रिकी माणसांपैकी निम्म्याच्या जवळपास काँगो-अंगोलाच्या किनाऱ्यावरून गेली. दोस्तांनो, ते राज्य वगैरे नंतरचं. आधी तो हाडामांसाचा धंदा होता.

त्या बैठकीत एन्झिंगानं बाप्तिस्माही घेतला. नाव मिळालं आना द सौझा. तिचं हे धर्मांतर राजकारणाचा डाव होता. तह झाला, गव्हर्नरनं शब्द दिले, आणि पोर्तुगीजांनी ते पाळले नाहीत. गोऱ्यांचा कागद असाच असतो.

१६२४ साली भाऊ मेला. एन्झिंगानं सत्ता हातात घेतली. बाई गादीवर? घरातल्यांनीच नाकं मुरडली. पोर्तुगीजांनी तेवढंच हेरलं आणि आपल्या ताटाखालचं मांजर गादीवर बसवलं. पण खरी पोटदुखी वेगळी होती. पोर्तुगीजांचे गुलाम पळून तिच्याकडे जायला लागले. ते परत द्या म्हणून मागणी झाली. तिनं दिले नाहीत. मग युद्ध. हरली. पळाली. क्वांझा नदीच्या बेटांवर तळ ठोकला. तिथूनही हुसकलं. १६२९ साली बहिणी शत्रूच्या हाती सापडल्या. बाईनं हार मानली नाही. लढाऊ इम्बांगाला टोळ्यांशी हातमिळवणी केली, शेजारचं माताम्बा जिंकलं आणि तिथं नवं राज्य उभं केलं. १६४१ साली डचांनी लुआंडा घेतलं तेव्हा डचांशी दोस्ती केली. एका गोऱ्याला दुसऱ्या गोऱ्याच्या अंगावर घातलं. १६४८ साली ब्राझीलहून आरमार आलं आणि लुआंडा परत पोर्तुगीजांच्या घशात गेलं. बघा, आरमार लिस्बनहून नाही, उसाच्या मळ्यांच्या देशातून आलं. एक बहीण, फुंजी, कैदेतून बातम्या पाठवायची. ती पकडली गेली, मारली गेली. दुसरी, कांबू, दहा वर्षं कैदेत. शेवटी १६५६ साली तह झाला. १७ डिसेंबर १६६३ ला एन्झिंगा गेली, ऐंशीच्या घरात, आपल्याच राज्यात. सुमारे तीस वर्षं तिनं पोर्तुगीजांना झुंजवलं.

आता परत त्या पाठीकडे येतो.

ती पाठ कुणाची? एन्झिंगाचं नाव आहे, गव्हर्नरचं नाव आहे, तिच्या दरबारात राहून पुढे तिच्यावर जाडजूड पुस्तक लिहिणाऱ्या पाद्र्याचंही नाव आहे. जिच्यावर हा सगळा स्वाभिमान बसला, तिचं नाव कुठंच नाही. आणि बहीण सुटली ती कशी? १३० गुलाम मोजून सुटली. होय. गुलामांना आसरा देणाऱ्या याच राणीनं लढाईतले कैदी विकलेसुद्धा. बंदुका त्यातून आल्या.

म्हणून तिला फेकून द्यायचं? नाही. तिची निंदा लिहिणारे गोरे पाद्री साव नव्हते. ती क्रूर, ती रानटी, असं लिहून त्यांनी आपल्या लोकांचा धंदा झाकला. गुलामांचं जहाज तिनं बांधलं नव्हतं. ज्या बाजारात माणसाशिवाय दुसरं चलन चालत नव्हतं त्यात ती लढत होती. हे समजून घ्यायचं. पण समजून घेणं म्हणजे आरती ओवाळणं नव्हे. आपल्याला देव नकोत, काळेसुद्धा नकोत.

१९६१ साली अंगोलात सशस्त्र लढा पेटला. त्याच वर्षी डिसेंबरात गोवा सुटला. अंगोलाला ११ नोव्हेंबर १९७५ उजाडावा लागला. २००२ साली लुआंडात एन्झिंगाचा पुतळा उभा राहिला. राहू दे. तिचा हक्कच आहे तो. पण त्या ओणव्या बाईचा पुतळा कोण उभारणार?

१९७२ साली आपल्या पोरांनी अमेरिकेतल्या काळ्या पँथरांचं नाव घेतलं, ते नुसतं रुबाबासाठी नव्हे. काळ्यांचा इतिहास हा आपला आरसा आहे. मग आरशात नीट बघा. आपल्या सभेत स्टेजवर कोण बसतं? सतरंज्या कोण अंथरतं? मोर्च्याच्या दिवशी पहाटे उठून भाकरी कोण थापतं, आणि पोलीस पोरांना उचलतात तेव्हा चौकीबाहेर रात्रभर कोण बसतं? आपली आई, आपली बहीण, आपली बायको. तिचं नाव पत्रकावर असतं का? नेता खुर्चीसाठी भांडतो, भांडू दे. पण खुर्ची मिळाली नाही म्हणून तो कुणाच्या पाठीवर बसला, हे विचारायची हिंमत आपल्यात पाहिजे.

एन्झिंगाकडून जमिनीवर न बसणं शिका. आणि त्या बिननावाच्या बाईसाठी शपथ घ्या, आपल्या उभं राहण्याखातर कुणाला ओणवं व्हायला लावणार नाही.

जय भीम!