आपल्या इंदूरचे कर्नल

(आपल्या मंडळाच्या गणेशोत्सवात दिलेल्या भाषणाचा मजकूर)

आम्ही काही क्रिकेटचे जाणकार नाही. सरकारी नोकरीत फायली हलवणारी साधी माणसे. पण लालबागच्या आसपास लहानाचे मोठे झालो आणि घरातल्या मोठ्यांच्या तोंडून 'कर्नलसाहेब' हा शब्द ऐकत आलो. मागच्या महिन्यात मंडळातल्या एका मुलाला विचारले, "सी. के. नायडू कोण रे?" तो म्हणाला, "काका, त्या नावाची ट्रॉफी असते ना?" उत्तर चूक नव्हते, पण माणूस हरवला होता आणि नुसती ट्रॉफी उरली होती. म्हणून आज हा विषय घेतला.

कोट्टारी कनकय्या नायडू यांचा जन्म ३१ ऑक्टोबर १८९५ रोजी नागपूरचा. घर तेलुगू, वाढले मराठी-हिंदीच्या नागपुरात. गंमत बघा, अमेरिकेत बेसबॉलचा देव मानला गेलेला बेब रूथही १८९५ चाच. दोघांची ख्याती एकच, चेंडू मैदानाबाहेर! १९२७ च्या हंगामात रूथने ६० होमरन मारले आणि अमेरिका वेडी झाली. त्याच्या आदल्याच वर्षी, डिसेंबर १९२६ मध्ये, मुंबईच्या जिमखान्यावर गिलिगनच्या एम.सी.सी. संघाविरुद्ध हिंदू संघाकडून खेळताना आपल्या सी. कें.नी दोन तासांच्या आत १५३ धावा काढल्या. त्यात चौकार १३ आणि षटकार ११. गोऱ्या साहेबाला त्याच्याच खेळात कोणी असे फटकावू शकतो, हे लोकांनी पहिल्यांदा डोळ्यांनी पाहिले. दोन वर्षांनी, १९२८ च्या डिसेंबरात, भारतीय क्रिकेट नियामक मंडळ स्थापन झाले. त्यामागे एकट्या त्या खेळीचाच हात होता असे नाही, पण आपण बरोबरीने खेळू शकतो हा विश्वास तिने दिला.

आता इंदूरकडे येऊ. १९२३ साली तुकोजीराव होळकर तिसरे यांनी सी. कें.ना इंदूरला बोलावले आणि होळकरांच्या फौजेत कॅप्टनचा हुद्दा दिला. पुढे ते कर्नल झाले. म्हणजे ज्यांच्या कारकिर्दीत आपला लालबाग महाल पुरा झाला, त्याच महाराजांनी हा माणूसही इंदूरला आणला. महाल बघायला आपण पाहुण्यांना हौसेने नेतो, बकिंगहॅम राजवाड्याच्या धर्तीचे फाटक दाखवतो. या दुसऱ्या ठेव्याबद्दल मात्र पाहुण्यांना काही सांगत नाही.

जून १९३२. लॉर्ड्सवर भारताचा पहिला कसोटी सामना. दौऱ्याचे कर्णधार पोरबंदरचे महाराज, उपकर्णधार लिंबडीचे राजकुमार. पण कसोटीच्या दिवशी दोघेही संघाबाहेर राहिले आणि नेतृत्व आले सी. कें.कडे. भारताचा पहिला कसोटी कर्णधार आपल्या इंदूरचा! क्षेत्ररक्षण करताना हाताला दुखापत झाली, तरी पहिल्या डावात संघात सर्वाधिक ४० धावा त्यांच्याच. त्या दौऱ्यात प्रथम श्रेणीच्या १६१८ धावा काढल्या आणि विस्डेनने त्यांना वर्षाच्या पाच क्रिकेटपटूंत निवडले.

आणि चारच वर्षांनी काय झाले? १९३६ च्या दौऱ्यावर कर्णधारपद विजयनगरमच्या महाराजकुमारांना मिळाले. सी. के. त्यांच्या हाताखाली खेळले. ओव्हलच्या शेवटच्या कसोटीत गबी ॲलनचा चेंडू अंगावर जोरात बसला. सी. के. हटले नाहीत. ८१ धावा काढल्या आणि डावाचा पराभव टळला. कसोटीतली ती त्यांची सर्वोच्च खेळी आणि शेवटचीही. खुर्ची गेल्यावर माणसाचे काम कसे होते, हे आम्ही नोकरीत रोज बघतो. म्हणून आम्हाला १५३ पेक्षाही हे ८१ जास्त मोठे वाटतात.

सात कसोटी, ३५० धावा. आकडे एवढेच. पोरे म्हणतील, यात काय विशेष? पण बाळांनो, त्या काळी भारताला कसोटी मिळायच्याच किती! आणि सी. कें.ची खरी कमाई म्हणजे होळकर संघ. १९४४-४५ ते १९५४-५५ या अकरा हंगामांत इंदूरचा हा संघ दहा वेळा रणजीच्या अंतिम फेरीत गेला आणि सी. कें.च्या नेतृत्वाखाली चार वेळा जिंकला: १९४५-४६, १९४७-४८, १९५०-५१ आणि १९५२-५३.

यातला एक सामना मुद्दाम सांगतो. १९४५-४६ ला इंदूरमध्येच म्हैसूरविरुद्ध होळकरांनी ८ बाद ९१२ वर डाव घोषित केला. एका डावात सहा शतके, विश्वविक्रम! शतकवीर कोण? भांडारकर, सरवटे, जगदाळे, निंबाळकर, प्रतापसिंह आणि स्वतः सी. के. चार आडनावे ऐकून आपली छाती फुगली ना? आमचीही फुगते. पण त्या चौघांना एका दोरीत बांधणारा माणूस तेलुगू घरातला होता. आणि त्याच संघाची शान असलेले मुश्ताक अली, परदेशात कसोटी शतक ठोकणारे पहिले भारतीय, ते याच इंदूरचे. आपली घराणी होळकरांबरोबर इथे आली आणि इथलीच झाली. सी. के.ही तसेच आले आणि १४ नोव्हेंबर १९६७ रोजी इंदूरच्याच मातीत विसावले. 'आपला' कोण, हे आडनावावरून ठरवायचे नसते, एवढे इंदूरने आपल्याला शिकवले आहे.

त्याच हंगामात बडोद्याविरुद्धच्या अंतिम सामन्यात सी. कें.नी २०० धावा काढल्या. वय वर्षे ५०! पुढे मुंबईविरुद्ध खेळताना दत्तू फडकरांच्या उसळत्या चेंडूने त्यांचे दात पडले, तर त्यांनी ते खेळपट्टीवरून बाजूला सारले आणि खेळ पुढे चालू ठेवला, असे जुनी मंडळी सांगतात. शेवटची रणजी खेळले तेव्हा ६१ वर्षांचे होते, तेही उत्तर प्रदेशचे कर्णधार म्हणून. आमच्या राज्यात सरकारी माणूस ६२ ला निवृत्त होतो आणि पंचावन्नपासूनच गुडघ्यांची तक्रार सांगू लागतो. हसू नका, आम्हीही त्याच वाटेवर आहोत!

१९५६ साली त्यांना पद्मभूषण मिळाले. त्यांच्या कन्या चंद्रा नायडू इंदूरमध्ये इंग्रजीच्या प्राध्यापिका होत्या आणि क्रिकेटचे समालोचन करणाऱ्या देशातल्या पहिल्या महिलांपैकी एक. २०२२ मध्ये मध्य प्रदेशाने मुंबईला हरवून पहिली रणजी जिंकली, प्रशिक्षक होते चंद्रकांत पंडित. त्या संध्याकाळी इंदूरच्या म्हाताऱ्या डोळ्यांत पाणी आले, ते होळकर संघाच्या आठवणीने.

आता शेवटचे, आणि थोडे कडू. भाषण, हार, टाळ्या हे सगळे झाले की आपण घरी जाऊ. पण मंडळाच्या मागचे पटांगण आज कोणाच्या ताब्यात आहे? आपल्याच गाड्यांच्या. मुले खेळायला लागली की "काच फुटेल" म्हणून त्यांना हाकलणारे आपणच. यात आम्ही पहिले; आमची गाडीही तिथेच उभी असते. ज्या पोराने परवा 'ट्रॉफी' असे उत्तर दिले, त्याला सी. के. कुठून कळणार? चेंडू मारायला जागाच ठेवली नाही आपण.

म्हणून आमची विनंती एवढीच. संध्याकाळी ५ ते ७ पटांगण मोकळे ठेवू या. मुलांसाठी आणि मुलींसाठीही. आमची गाडी उद्यापासून रस्त्यापलीकडे उभी राहील. एखादी काच फुटलीच, तर वर्गणीतून बसवू. अकरा षटकारांनी जिमखान्यावर काय फुटले असेल कोण जाणे, पण देशाच्या मनातली भीती फुटली, हे नक्की.

बाप्पा सर्वांना निरोगी ठेवो, आणि पोरांना खेळू देण्याची बुद्धी आपल्याला देवो.

गणपती बाप्पा मोरया!