पळणारा कुत्रा आणि थांबणारा कुत्रा



जतमध्ये उभं राहून कुत्र्यावर बोलायचं म्हणजे पंढरपुरात जाऊन अभंग समजावून सांगण्यासारखं आहे. समोर कारवान जातीचे कुत्रे पाळलेली माणसं बसली आहेत. छातीची खोली आणि पोटाचा खळगा बघून पिलाची किंमत करणारे जाणकार मागच्या रांगेत आहेत, तेही मला दिसतायत. माझी उमेदीची वर्षं जनावरांच्या दवाखान्यात गेली, तरी कारवानची चाल मी तुम्हाला शिकवू नये. म्हणून आज दुसऱ्याच कुत्र्याविषयी बोलतो. अंध माणसाला रस्त्यानं नेणारा, ऐकू न येणाऱ्या बाईला दारावरची थाप कळवणारा, चाकाच्या खुर्चीतल्या मुलाच्या हातून पडलेलं पेन उचलून देणारा कुत्रा. आपल्याकडे तो जवळजवळ दिसतच नाही. का दिसत नाही, हाच आजचा विषय.

विषय ठरला तेव्हा व्याख्यानमालेच्या कार्यकर्त्यांनी पहिला प्रश्न विचारला तो अगदी जतचा होता. "डॉक्टर, मुधोळचा कुत्रा लष्करात गेला, मग आपला कारवान या कामाला का नको?" प्रश्न रास्त आहे. मुधोळच्या मालोजीराजे घोरपड्यांनी या जातीला राजाश्रय दिला, ब्रिटनच्या पंचम जॉर्जला जोडी भेट दिली. २००५ साली टपाल खात्यानं देशी कुत्र्यांची चार तिकिटं काढली, त्यात मुधोळ होता. २०१६ साली मुधोळची पिलं मेरठच्या लष्करी केंद्रात शिकायला गेली. आता कारवान आणि मुधोळ एकच की वेगळे, हा वाद घालायचा तर व्याख्यान संपल्यावर चहाला घालू. तो पहाटेपर्यंत चालतो, असा माझा अनुभव आहे.

पण लष्कराचं काम वेगळं आणि अंधाच्या हाताचं काम वेगळं. कारवान नजरेनं शिकार करणारा कुत्रा. माळावर दूर काही हललं की त्याचा मेंदू आणि पाय यांच्यामध्ये तिसरं कुणी उरत नाही. पिढ्यान् पिढ्या आपण त्याला सशामागं सुटण्यासाठीच निवडत आलो. आज ती शिकार कायद्यानं बंद आहे, आणि बंदच राहिली पाहिजे. पण रक्तातली निवड कायद्यानं पुसत नाही. शिवाय परक्याचा हात त्याला खपत नाही. मालकाशी इमानी, बाकी जगाशी फटकून.

तालुक्यातल्याच अण्णा नावाच्या एका कारवान पाळणाऱ्याच्या अंगणात मी एक साधी परीक्षा घेतली होती. पिलं सात-आठ आठवड्यांची. जेवायला बसलेल्या पिलांच्या मागं मी स्टीलचं ताट फरशीवर पडू दिलं. सगळी उधळली, त्यात नवल नाही. परदेशातले प्रशिक्षक बघतात ते त्याच्या पुढचं: दचकलेलं पिलू किती वेळात सावरतं, आणि आवाज कशाचा झाला हे हुंगायला परत येतं का. सहांतली चार पिलं गोठ्याच्या कोपऱ्यात जाऊन बसली ती बसलीच. एक लांबूनच बघत राहिलं. एक मात्र वाकड्या चालीनं ताटापाशी आलं, कडा चाटली आणि पुन्हा भाकरीकडे वळलं. मी म्हटलं, अण्णा, हे पिलू शिकेल. अण्णा हसले. म्हणाले, "डॉक्टर, ह्यो पळायला जल्मलाय. ह्याला थांबायला कोन शिकवनार?"

अण्णांना ठाऊक नव्हतं, पण मार्गदर्शक कुत्र्याच्या सगळ्या विद्येचं मर्म त्यांनी सांगून टाकलं होतं. त्या विद्येत थांबण्याला फार मोल आहे.

या विद्येची सुरुवात पहिल्या महायुद्धात झाली. युद्धात हजारो जर्मन सैनिकांची दृष्टी गेली. गेरहार्ड स्टालिंग नावाच्या डॉक्टरांनी १९१६ साली ओल्डेनबुर्ग इथं अंध सैनिकांसाठी कुत्रे तयार करणारी पहिली शाळा काढली. डोरोथी युस्टिस ही अमेरिकन बाई स्वित्झर्लंडमध्ये जर्मन शेफर्ड कुत्र्यांची पैदास करायची. तिनं जर्मनीतली अशी शाळा पाहून १९२७ च्या नोव्हेंबरात एका अमेरिकन साप्ताहिकात लेख लिहिला. अमेरिकेतल्या नॅशव्हिलमध्ये मॉरिस फ्रँक या तरुण मुलाला तो लेख वडिलांनी वाचून दाखवला. मॉरिसचा एक डोळा लहानपणी घोड्यावरून जाताना झाडाची फांदी लागून गेला होता आणि दुसरा पुढं मुष्टियुद्धात. त्यानं बाईंना पत्र घातलं, स्वित्झर्लंडला गेला आणि बडी नावाची कुत्री घेऊन परत आला. १९२८ च्या जूनमध्ये न्यू यॉर्कच्या बंदरावर पत्रकारांनी त्याला आव्हान दिलं, वेस्ट स्ट्रीट ओलांडून दाखव. डोळस माणूस कचरेल असा तो रस्ता. बडी चार पावलं जायची, थांबायची, ट्रक जाऊ द्यायची, मागं सरायची, पुन्हा निघायची. पलीकडे पोचल्यावर मॉरिसनं बाईंना तार केली. तारेत एकच शब्द होता: यश. पुढच्या वर्षी, १९२९ च्या जानेवारीत, नॅशव्हिलमध्येच 'द सीइंग आय' ही संस्था उभी राहिली. ती आज न्यू जर्सीत आहे.

पुष्कळांना वाटतं की कुत्रा माणसाला नेतो. मालकानं म्हणायचं, बाजारात चल, की निघाला कुत्रा. तसं नसतं. रस्ता माणसाला पाठ असावा लागतो. कुठं वळायचं, कितवं दुकान, हे तो ठरवतो आणि सांगतो. कुत्र्याच्या अंगावर कडक मुठीचा पट्टा असतो, कुत्रा बहुधा डावीकडे चालतो, आणि त्या मुठीतून त्याच्या खांद्याची हालचाल माणसाच्या हाताला कळते. खड्डा आला, कुत्रा थांबला. पायरी आली, थांबला. माणूस पायानं चाचपतो, मग हुकूम देतो. सिग्नलचा लाल-हिरवा कुत्र्याला नीट कळत नाही. गाड्यांचा आवाज ऐकून कधी ओलांडायचं ते माणूसच ठरवतो.

आणि त्याचा अंदाज चुकला तर? माणूस म्हणतो 'चल', आणि बिनआवाजाची इलेक्ट्रिक गाडी येते आहे. अशा वेळी कुत्र्यानं हुकूम मोडायचा असतो. जागेवर खिळून राहायचं, वेळ पडली तर माणसाच्या पायात आडवं व्हायचं. सगळ्या प्रशिक्षणात हा धडा सगळ्यात अवघड, कारण आधी महिनोन् महिने ऐकायला शिकवायचं आणि मग नेमकं कधी ऐकायचं नाही ते शिकवायचं. आपल्या घरांत आणि शाळांत हुकूम मोडणाऱ्याला काय मिळतं ते तुम्हाला ठाऊक आहे. इथं त्याला शाबासकी मिळते.

असा कुत्रा तयार व्हायला दोनेक वर्षं लागतात. सुमारे आठ आठवड्यांचं पिलू एखाद्या स्वयंसेवक कुटुंबाकडे जातं. ते कुटुंब त्याला बाजार, बस, लिफ्ट, लग्नाचे हॉल दाखवतं आणि वर्षभरानं रडत रडत संस्थेला परत करतं. मग काही महिने शाळा. बरीच पिलं गळतात: एखादं मांजर दिसलं की भान विसरतं, एखादं फटाक्याला भितं. उरलेल्यांची माणसाशी जोडी जुळवतात, माणसाची चाल, उंची, स्वभाव बघून. मग दोघांचं तीन-चार आठवडे एकत्र शिक्षण. खर्च लाखांत जातो. तरी सीइंग आय संस्था अंध व्यक्तीकडून पहिल्या कुत्र्याला दीडशे डॉलर घेते, आणि माजी सैनिकाकडून एक डॉलर. बाकीचं समाज देणगीतून भरतो.

बाकीच्या प्रकारांबद्दल थोडक्यात. ऐकू न येणाऱ्यांचा कुत्रा दाराची घंटा, बाळाचं रडणं, कुकरची शिट्टी ऐकून माणसाला पायानं स्पर्श करतो आणि आवाजाकडे नेतो. चाकाच्या खुर्चीवरच्या माणसाचा कुत्रा दाराला बांधलेली दोरी ओढून दार उघडतो, नाकानं दिव्याचं बटण दाबतो. मधुमेहात साखर उतरू लागली की अंगाचा गंध बदलतो, तो ओळखून जागं करणारेही कुत्रे आहेत. आपल्या महाराष्ट्रात मानसशास्त्रज्ञ मीनल कविश्वर यांच्या अ‍ॅनिमल एंजल्स फाउंडेशननं विशेष मुलांसाठी कुत्र्यांच्या साहाय्यानं उपचार सुरू केले. कुणाशी न बोलणारं मूल कुत्र्याला ब्रश करता करता बोलायला लागतं, असं ते काम. हे उपचारांचे कुत्रे झाले. एकाच माणसासोबत दिवसरात्र राहणारा साहाय्यक कुत्रा वेगळा. वर्तमानपत्रं दोघांची सर्रास गल्लत करतात.

आता दाराचा प्रश्न. बडी रस्ता ओलांडून गेली, पण हॉटेलवाले आणि रेल्वेवाले तिला आत घेईनात. मॉरिस फ्रँक गावोगाव भांडत फिरला. अमेरिकेतल्या सगळ्या राज्यांत मार्गदर्शक कुत्र्याला प्रवेश देणारे कायदे व्हायला १९५६ उजाडलं. पुढं १९९० च्या कायद्याखाली तर दुकानदाराला दोनच प्रश्न विचारता येतात: हा कुत्रा दिव्यांगत्वामुळे लागतो का, आणि तो कोणतं काम शिकलाय. कागद मागता येत नाही, आजार विचारता येत नाही. जपाननं २००२ साली खास कायदा केला. आपला २०१६ चा दिव्यांग हक्क कायदा चांगला आहे, त्यात दिव्यांगत्वाचे एकवीस प्रकार आहेत, सार्वजनिक जागा सुगम्य करण्याची सक्ती आहे. पण साहाय्यक कुत्र्याच्या प्रवेशाचं वेगळं कलम त्यात नाही. म्हणजे उद्या जतचा एखादा अंध तरुण कुत्रा घेऊन एसटीत चढला, तर तो सांगलीला पोचणार की नाही हे कंडक्टरच्या स्वभावावर ठरेल. दत्ताच्या तसबिरीत त्याच्या पायाशी बसलेल्या चार कुत्र्यांना आपण हात जोडतो. खंडोबाच्या कुत्र्यालाही मान देतो. जिवंत कुत्रा मात्र पायरीवर दिसला की पहिला दगड आपलाच.

कायदा झाला तरी जतचा रस्ता उरतोच. बसस्थानकापासून बाजारपेठेपर्यंत डोळे मिटून चालून बघा असं मी म्हणणार नाही, डोळे उघडे ठेवूनच बघा. पदपथ असेल तिथं त्यावर डाळिंबाचे क्रेट. दुकानांचे पत्र्याचे छज्जे बरोबर कपाळाच्या उंचीवर. टेम्पोची शिडी मागं बाहेर आलेली. पांढरी काठी जमिनीवरचं सांगते, कपाळाजवळचं सांगत नाही. मॉरिसचा डोळा गेला तो फांदीनंच. आयआयटी दिल्लीनं यासाठी ध्वनिलहरींवर चालणारी काठी केली, २०१४ साली ती बाजारात आली. गुडघ्याच्या वरचा अडथळा जवळ आला की ती हातात थरथरते. आणि मोकाट कुत्र्यांचा कळप! शिकवलेला कुत्रा सगळं सोसेल, पण दर चौकात चार कुत्रे अंगावर आले तर त्यानं मालक सांभाळायचा की स्वतःला? त्यात एप्रिल-मेमधलं आपलं डांबर. लॅब्राडॉरच्या पंजाला दुपारी बारा वाजता त्यावर उभं करणं हा छळच.

म्हणून माझं मत स्पष्ट सांगतो, कुणाला आवडो न आवडो. आज जतला मार्गदर्शक कुत्रा आणणं म्हणजे कुत्र्यावर आणि माणसावर, दोघांवर अन्याय. आज हवी आहे ती काठी, आणि काठीनं चालायला शिकवणारा प्रशिक्षक. लांब काठी पुढं डावी-उजवी फिरवत चालण्याची पद्धत रिचर्ड हूवर यांनी १९४४ च्या सुमारास अमेरिकेत अंध सैनिकांसाठी बसवली. ती शिकलेला माणूस एकटा बाजार करून येतो. आपल्याकडे काठी शिबिरात फुकट वाटतात, फोटो काढतात आणि ती कशी धरायची ते सांगायला कुणी थांबत नाही. घरातल्या मदतीचे कुत्रे मात्र इथंही तयार होऊ शकतील. त्या कामाला रस्ता लागत नाही, धीर लागतो. ताटाकडे परत आलेल्या त्या पिलासारखी पिलं देशी कुत्र्यांतही निघतात. ती हुडकून काढायला हवीत.

तोवर तुमच्याकडून तीन गोष्टी मागतो, आणि नगरपरिषदेकडून एक. रस्त्यात पांढरी काठी दिसली तर दंड धरून ओढू नका. आधी बोला, विचारा, आणि हवं असेल तर तुमचा कोपर त्यांना धरू द्या. दुकानाचा छज्जा कपाळाला लागत असेल तर हातभर वर घ्या. कारवान असो की गावठी, घरच्या कुत्र्याला दरवर्षी रेबीजची लस टोचा आणि त्याला मोकाट सोडू नका. नगरपरिषदेला मागणं एवढंच की केंद्र सरकारच्या २०२३ च्या नियमांप्रमाणे मोकाट कुत्र्यांची नसबंदी आणि लसीकरण करणं हे तिचं काम आहे. ते काम कोणत्या वॉर्डात, कधी होणार, याचा तक्ता कार्यालयाबाहेर लावा. पहिला तक्ता लागला की मला कळवा. लस टोचायला मी स्वतः येतो, मानधन नको.