मोटार कोण लावतं?

श्रोतेहो, ‘होम मिनिस्टर’ हा टीव्हीवरचा कार्यक्रम काय होता ते तुम्हाला सांगायला नको. 2004 साली आदेश बांदेकर आताच्या झी मराठीवरून “वहिनी” म्हणत दारात उभे राहिले, ते कित्येक वर्षं संध्याकाळचे पाहुणेच झाले. मला त्या माणसाचं कौतुक आहे. उपदेश नाही, भाषण नाही, आणि सासूच्या देखत सून बोलती केली. सोपं नाही हो ते! 2022 मध्ये तर बक्षिसाची पैठणी अकरा लाखांची झाली.

पण पैठणी वहिनीला, टाळ्या वहिनीला, आणि दुसऱ्या दिवशीचा डबाही वहिनीलाच. बांदेकर भावोजींनी यजमानांना मधोमध बसवून रोज एकच विचारायला हवं होतं: तुमच्याकडे गॅसचं सिलिंडर किती दिवस पुरतं?

आमच्या महाळुंग्याच्या गावठाणात वरची टाकी भरायला मोटार लावावी लागते. बटण दाबायला काय लागतं? पण पाणी कधी येतं, टाकीत किती उरलंय, आज लाईट जाणार का, पाहुणे आहेत का, हे सगळं डोक्यात ठेवायचं, ते खरं काम. मालक म्हणतात, “सांग ना, लावतो की.” सांगितलं की लावतातही, खोटं कशाला बोलू. मग पेपर उघडतात. टाकी वाहायला लागते आणि पलीकडून हाक येते, “अहो वहिनी, मोटार!” हाकसुद्धा वहिनीलाच.

तुम्ही म्हणाल, हे जुन्या घरांचं झालं. आता गाव 2021 पासून पुणे महापालिकेत आहे, चहूकडे टॉवर आहेत, नवरा-बायको दोघंही हिंजवडीला जातात. बरं. मग स्वयंपाकाच्या मावशींचा “ताई, आज जमनार नाय” हा मेसेज कुणाच्या फोनवर येतो? भर मीटिंगमध्ये टेबलाखाली फोन धरून दुसरी बाई कोण शोधतं? विसाव्या मजल्यावरही मोटार तिच्याच डोक्यात.

केंद्र सरकारची 2024 ची वेळेच्या वापराची पाहणी आहे. आपल्याच घरचं काम करणाऱ्या बायकांची दिवसाला सरासरी 289 मिनिटं त्यात जातात, पुरुषांची 88. आणि ही 88 फक्त काहीतरी करणाऱ्या पुरुषांची बरं का! काडी न हलवणारे त्या सरासरीत धरलेलेच नाहीत.

पुन्हा सांगते, कारण कुणीतरी आत्ता म्हणालं असेल, “भाजी मीच आणतो.” आणता, छान करता. यादी कोण करतं? बटण दाबणं वेगळं, ध्यानात ठेवणं वेगळं.

ताराबाई शिंद्यांनी 1882 मध्येच ‘स्त्री-पुरुष तुलना’ लिहून पुरुषांची चांगली हजेरी घेतली होती. तिथूनच आपण... पण स्टुडिओच्या काचेपलीकडून वेळ संपल्याची खूण होतेय, ते राहू दे.

यजमान ऐकत असतील तर एवढंच: दूध, मुलांची फी, आईंच्या गोळ्या, यातलं एक काम कायमचं आपल्या डोक्यात घ्या. आणि त्याची आठवण करून द्यायला बायकोला सांगू नका.