आत्याबाईंची पंच्याहत्तरी
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेलं भाषण)



भाषण म्हटलं की माझ्या पोटात गोळा येतो. माझी शाळा सातवीपर्यंत. शाळेत एकदाच भाषणाला उभी राहिले होते, तेव्हा टिळकांवर सुरू केलेलं भाषण गांधीजींवर संपवलं होतं. गुरुजी म्हणाले, “बस खाली, एवढ्यात स्वातंत्र्य मिळालं.” तेव्हापासून आज उभी राहते आहे.

चिटणीसबाईंनी सांगितलं, “मंडळाचा वाढदिवस आहे, तर वाढदिवसावरच काहीतरी हसतंखेळतं बोला. सासूबाईंच्या पंच्याहत्तरीचं सांगा.” आमच्या आत्याबाई समोर दुसऱ्या रांगेत बसल्या आहेत, तेव्हा जे सांगायचं ते जपूनच सांगते.

आत्याबाईंच्या आधार कार्डावर जन्मतारीख आहे 1 जून 1948. हसलात ना? म्हणजे तुमच्याही घरात एक जूनवाले आहेत. आमच्याकडे आत्याबाई, मोठे दीर आणि देवाघरी गेलेले मामंजी, तिघंही एक जूनचे! पूर्वी जूनमध्ये शाळा उघडली की बाप पोराला घेऊन जायचा. गुरुजींनी जन्मतारीख विचारली की म्हणायचा, “आखाडातलं असंल, नाहीतर दिवाळीच्या आगंमागं.” मग गुरुजी त्या पोराला उजवा हात डोक्यावरून नेऊन डावा कान धरायला लावायचे. कानाला हात पोचला की पोर सहा वर्षांचं, आणि जन्म एक जूनचा. पाचवीच्या रात्री सटवाई कपाळी लिहून जाते म्हणतात. पण आपल्याकडे अर्ध्या लोकांचं नशीब गुरुजींनी हजेरीपटावर लिहिलेलं आहे.

पण आत्याबाईंची तारीख साधी नाही बरं का. 1 जून 1948 या दिवशी आपल्या नगरहून एस.टी.ची पहिली गाडी पुण्याला सुटली. किसन राऊत हे चालक आणि लक्ष्मण केवटे हे वाहक. म्हणजे एस.टी. आणि आत्याबाई एकाच दिवशी जन्मल्या, आणि 1 जून 2023 ला दोघींनाही पंच्याहत्तर वर्षं झाली. दोघींचा आवाजही साधारण सारखाच आहे. (आत्याबाई, रागावू नका.)

त्यातून ऑगस्ट 2022 मध्ये सरकारनं पंच्याहत्तरी पूर्ण झालेल्यांना एस.टी. फुकट केली. त्या दिवसापासून आत्याबाई पंच्याहत्तरीची अशी वाट पाहू लागल्या, जशी नव्या नवरीनं पहिल्या पंचमीला माहेरच्या मुऱ्हाळ्याची पाहावी. मधेच मार्च 2023 ला सगळ्याच बायकांना अर्धं तिकीट झालं. मी पेढे आणले, तर आत्याबाई फुरंगटून बसल्या. “म्या पासष्टीची होईस्तोवर थांबले तवा मला अर्धं तिकीट घावलं. अन् हिला आत्ताच?” त्यांना पेढा गोड लागला नाही.

तर मुलांनी ठरवलं, आजीचा वाढदिवस करायचा. आयुष्यात त्यांचा वाढदिवस कुणी केला नव्हता. केकवर मेणबत्त्या लावून फुंकायच्या म्हटल्यावर त्यांनी नातवाला विचारलं, “दिवा इझवायला मी काय मेले का रं?” केक बारगळला. पुरणपोळी आणि कणकेचे पंच्याहत्तर दिवे करून ओवाळायचं, असं नक्की झालं.

खरी अडचण इथंच आली. हे मी हसत सांगणार नाही. कणीक मळायला बसले, तर आत्याबाई हळूच म्हणाल्या, “सूनबाई, दिवे कर, पन वोवाळू नगंस. मला वोवाळत न्हाईत.” मामंजी जाऊन त्या वेळी एकोणीस वर्षं झाली होती. या एकोणीस वर्षांत घरातल्या प्रत्येक बारशाचा, डोहाळजेवणाचा, लग्नाचा स्वयंपाक त्यांनी केला आणि ओटी भरायची वेळ झाली की त्या परसात भांडी घासायला गेल्या. मी घरात असून माझ्या कधी लक्षात आलं नाही. मला वाटायचं, त्यांना भांडी माझ्या हातची पसंत पडत नाहीत!

मी त्यांना सांगितलं, अहो, कोल्हापूरकडच्या हेरवाड गावानं मे 2022 मध्ये ग्रामसभा घेऊन ठराव केला, की विधवेचं कुंकू पुसायचं नाही, बांगड्या फोडायच्या नाहीत. सरकारनंही त्याच महिन्यात सगळ्या गावांना तसं करायला सांगितलं. आत्याबाईंनी माझ्याकडे पाहिलं. “येष्टी फुकट केली, आता सरकारनं कुंकूबी फुकट केलं का?”

नात्यातल्या एक वडीलधाऱ्या बाई तिथं बसल्या होत्या. त्या म्हणाल्या, “अशानं घरातल्या पुरुषाचं आयुष्य कमी होतं.” मी सातवी शिकलेली, मला वाद घालता येत नाही. पण आमच्या पुस्तकात महर्षी कर्व्यांचा धडा होता तो आठवला. त्यांनी 1893 साली विधवा बाईशी लग्न केलं. 1958 साली त्यांना शंभर वर्षं पूर्ण झाली, त्याच साली भारतरत्न मिळालं, आणि त्यानंतरही ते चार वर्षं जगले. मी म्हटलं, “मावशी, आयुष्य कमी व्हायचं ते असं होत असेल, तर आमच्या घरातल्यांचंही होऊ द्या.” मावशींनी सुपारी कातरायला घेतली. बोलल्या काही नाहीत.

आत्याबाई तयार झाल्या, पण एका अटीवर. म्हणाल्या, “आधी तू न्हाई. पलीकडच्या काकूंना बोलीव. त्याबी माझ्यासारक्याच.” पलीकडच्या काकू आल्या. त्यांचा हात थरथरत होता, तबक हलत होतं, दिवे हलत होते. त्यांनी आत्याबाईंना कुंकू लावलं. मग आत्याबाईंनी करंडा त्यांच्या हातातून घेतला आणि उलट त्यांना लावलं. कुणी मंगल गाणं म्हणेना, कारण सगळ्यांचे गळे भरून आले होते. शेवटी आमचा नातेवाईक फोटोवाला पोरगा ओरडला, “आजी, हसा की!”

हसवलं ते थोरल्या मामांनी, म्हणजे आत्याबाईंच्या भावांनी. आत्याबाईंचं माहेर सुप्याजवळ. मामा म्हणाले, “एक जूनला जन्म कसा असंल? पहिली येष्टी आली तवा सारा गाव फाट्यावर बघायला गेलता. आई हिला काखंत घेऊन गेलती. भोंगा वाजला अन् ही भेदरून आईच्या खांद्याला चावली. चार दात आल्ते हिला!”

म्हणजे पाहा, कार्डावर ज्या दिवशी जन्मल्या, त्या दिवशी आत्याबाईंना चार दात होते. आत्याबाईंनी लगेच हिशेब केला. म्हणजे एस.टी. फुकट झाली तेव्हाच त्यांची पंच्याहत्तरी होऊन गेली होती, आणि त्यानंतर त्या अर्धं तिकीट काढून चार वेळा माहेरी गेल्या. “माझं पैकं कोन देनार?” अर्ज करायला निघाल्या होत्या, ह्यांनी कसंबसं थांबवलं.

मग नातीनं हिशेब मांडला सहस्रचंद्रदर्शनाचा. वर्षाला बारा पौर्णिमा, आणि अधिक महिना आला की एक वरची. अशा हजार भरायला ऐंशी वर्षं नि दहा महिने लागतात. नुसत्या बारानं गुणलं तर तेवढ्यात हजार भरतच नाहीत, तीसेक कमी पडतात. त्या अधिक महिने भरून काढतात. धोंड्याच्या महिन्याचा फायदा जावयालाच होतो असं मी समजत होते, सासूलाही होतो! कार्डाप्रमाणे आत्याबाईंच्या नऊशे सत्तावीस पौर्णिमा झाल्या होत्या आणि मामांच्या म्हणण्याप्रमाणे नऊशे चाळीस. एस.टी.ला कार्ड दाखवायचं आणि चंद्राला मामांचा हिशेब, असं आत्याबाईंनी ठरवून टाकलं.

पुढच्या संक्रांतीला मी त्यांना आपल्या मंडळाच्या हळदीकुंकवाला घेऊन आले. कोणी काही बोललं नाही. पण वाणाचं ताट त्यांच्यापुढे येऊन क्षणभर थांबलं, ते मी पाहिलं. ताट कुणाच्या हातात होतं ते सांगत नाही. वाण मात्र मिळालं, स्टीलची गाळणी. आमचा चहा तीतच गाळतो. पलीकडच्या काकूंचं नाव यंदाच्या यादीत नव्हतं. चिटणीसबाई, तेवढं घालून घ्या.

आता शेवटचं सांगते आणि बसते. वाढदिवसाच्या दुसऱ्या दिवशी आम्ही दोघी पुण्याच्या गाडीनं सुप्याला निघालो. माझं अर्धं तिकीट. कंडक्टरनं आत्याबाईंचं कार्ड पाहिलं आणि शून्य रुपयांचं तिकीट फाडून दिलं. त्यांनी ते दोनदा उलटसुलट केलं, कमरेच्या पिशवीत ठेवलं, पुन्हा काढून पाहिलं. मग खिडकीशी बसल्या. सुपा येईपर्यंत एक शब्द बोलल्या नाहीत. फाटा दिसला तशी माझा दंड धरून म्हणाल्या, “हितंच. हितंच म्या आईला चावले.”