सागरतळीची द्वारका

बेंगळूर हे शहर समुद्रापासून दूर, सुमारे ९०० मीटर उंचीच्या पठारावर वसलेले आहे. भारतात सागरी पुरातत्त्वाचा पाया घालणारे शिकारिपुरा रंगनाथ राव यांनी ३ जानेवारी २०१३ रोजी याच शहरात, वयाच्या नव्वदीत देह ठेवला. आयुष्यभर बंदरांचा माग काढणाऱ्या माणसाला अखेरचा विसावा असा सागरापासून दूर लाभावा, हा योग विलक्षणच म्हणावा लागेल.

१९५४ साली रावांनी शोधलेल्या लोथल या हडप्पाकालीन नगरात विटांनी बांधलेले, दोनशे मीटरांहून अधिक लांबीचे एक विस्तीर्ण कुंड निघाले. रावांनी ती जहाजांची गोदी ठरविली. काही पंडितांना तो केवळ पाण्याचा तलाव वाटला. वाद तेव्हापासूनच त्यांच्या पाठीशी लागले.

द्वारकेच्या भूमीवर १९६३ साली पुण्याच्या डेक्कन कॉलेजतर्फे अन्सारी आणि माटे यांनी उत्खनन केले होते. समुद्रात शिरले ते राव. सरकारी नोकर साठीच्या सुमारास निवृत्तिवेतनाचे कागद जुळवू लागतो. या गृहस्थांनी त्या वयात गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेत नव्या विद्येचा संसार मांडला! १९८३ पासून त्यांच्या पथकाने द्वारकेचा सागरतळ धुंडाळण्यास आरंभ केला.

हे काम जमिनीवरच्या खोदाईहून फार निराळे. पावसाळ्यात समुद्र खवळलेला, म्हणून मोसम थोडा. पाठीवरच्या नळकांड्यातील हवा पुरेल तेवढाच वेळ पाणबुड्याच्या हाती. तेवढ्यात शेवाळ खरवडावयाचे, वाळू उपसावयाची, लाटेचा हेलकावा सोसत दगडाचे माप घ्यावयाचे आणि छायाचित्रही टिपावयाचे. तळाशी घडीव दगड मिळाले, तीन भोकांचे दगडी नांगर मिळाले. जवळच्या बेट द्वारकेत त्रिमुखी पशू कोरलेली शंखाची मुद्रा सापडली.

हे सारे पाण्याखालच्या कॅमेऱ्याने घराघरांत पोहोचविले. निळसर अंधारात हात फिरताच शेवाळाखालून चिरा उघडा पडतो, हे पडद्यावर पाहताना कोणाही भाविकाला गहिवरून यावे. परंतु अनुबोधपटात दगड दिसतो, त्याचे वय दिसत नाही. रावांनी या अवशेषांचा संबंध महाभारतातील द्वारकेशी जोडला. दगडाचा घाट शतकानुशतके तोच राहतो, भरतीओहोटी थर टिकू देत नाही. आणि त्याच संस्थेतील पुढच्या संशोधकांनी शंभरावर नांगर तपासून त्यांतील बरेचसे पुष्कळ अलीकडचे, मध्ययुगापर्यंतचेही असावेत, असे मत मांडले. हे मत अधिक सावध, म्हणून अधिक ग्राह्य वाटते. मात्र ते मांडण्याची साधने आणि शिस्त रावांच्याच पथकात घडली, हेही विसरता येत नाही.

फेब्रुवारी २०२५ मध्ये भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचे पथक पुन्हा द्वारकेच्या पाण्यात उतरले. त्यात स्त्रियाही होत्या.