भिंती बघत चालणे

(सोसायटीच्या रौप्यमहोत्सवी कार्यक्रमात केलेल्या भाषणाचा मजकूर)



मला खरे म्हणजे विषय दिला होता 'निवृत्तीनंतरचे आरोग्य'. पण आपल्या सोसायटीत दोन डॉक्टर राहतात, त्यांच्यासमोर मी मेथीदाणे आणि कोमट पाणी यावर बोलणे बरे नाही. मी बँकेतला माणूस. त्यामुळे मी आज भिंतींवर बोलणार आहे. पुढच्या महिन्यातल्या सर्वसाधारण सभेच्या विषयपत्रिकेत सहावा विषय वाचला असेलच : 'रस्त्याकडील कंपाउंड वॉलचे सुशोभीकरण'. सहावा विषय येईपर्यंत निम्मे सभासद चहाकडे गेलेले असतात आणि ठराव 'सर्वानुमते' होतो. तसे या वेळी होऊ नये म्हणून आजच बोलून घेतो.

प्रस्ताव तीन आहेत. एक, छापील चित्र आणून चिकटवायचे. दोन, एक जाहिरात करणारी मंडळी आपली सगळी भिंत फुकट रंगवून देतील, पण अर्धी भिंत पाच वर्षे त्यांच्या जाहिरातीला. तीन, हाताने काम करणाऱ्या पेंटरकडून रंगवून घ्यायची. यातला कोणता चांगला हे मी एकदम सांगत नाही. आधी जरा फिरून येऊ.

२०१८ च्या डिसेंबरात मी आणि सौ. देवगिरी एक्स्प्रेसने मुंबईला मुलाकडे गेलो होतो. सूनबाईने न विचारता आमची नावे एका 'वॉक'ला देऊन टाकली. बांद्र्याच्या गल्ल्यांतून दोन तास चालायचे आणि भिंतींवरची चित्रे बघायची, त्यासाठी माणशी पैसे भरायचे. सौ. म्हणाली, जालन्यात भिंती फुकट आहेत. तरी गेलो. सकाळी सातला पंधरा-सोळा माणसे जमली. त्यात दोन फॉरेनर, एक शाळामास्तर, बाकी कॉलेजातली पोरे. वाट दाखवणारी मुलगी पंचविशीची असेल. ती आधी म्हणाली की या गल्ल्यांत माणसे राहतात, खिडकीत डोकावायचे नाही, कुणाच्या दारात दात घासणाऱ्या आजोबांचा फोटो काढायचा नाही. मला ती मुलगी तिथेच आवडली.

चॅपल रोड आणि रणवार ही बांद्र्याची जुनी वस्ती. म्हणजे मुंबई पोटात घेण्याआधीचे गाव. लाकडी गॅलऱ्या, कौलारू घरे, आणि कोपऱ्याकोपऱ्यावर दगडी क्रूस. यातले बरेच क्रूस १८९६ नंतरच्या प्लेगच्या साथीत लोकांनी उभारले. अशा घरांच्या बाजूच्या भिंतींवर सिनेमाची चित्रे. 'अनारकली'चे भले मोठे पोस्टर बघून सौ.चा राग गेला. ही चित्रे रणजित दहिया या चित्रकाराच्या 'बॉलिवूड आर्ट प्रोजेक्ट'मधली, २०१२ पासूनची. या गृहस्थांची हकीकत ऐकण्यासारखी आहे. हरियाणात सोनीपतकडच्या एका खेड्यातला मुलगा, घरांना चुना आणि रंग मारण्याची मजुरी करत होता. तिथून चंदीगडच्या कला महाविद्यालयात गेला, तिथून अहमदाबादच्या एनआयडीत, आणि मग मुंबईत. म्हणजे ज्याला आपण 'ए रंगवाला' म्हणून हाक मारतो त्या जागेवरून निघालेला माणूस.

पुढे बांद्रा रेक्लमेशनला एमटीएनएलच्या इमारतीवर दादासाहेब फाळके दिसतात. अख्ख्या इमारतीएवढे. २०१४ साली दहिया आणि त्यांच्या सोबत्यांनी ते रंगवले. त्र्यंबकेश्वरला जन्मलेला, १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' काढणारा आपला मराठी माणूस, आणि त्याच्या नाकाची उंचीच आपल्या एखाद्या मजल्याएवढी. मी त्या मुलीला माझा नेहमीचा बँकेतला प्रश्न विचारला, की एवढे मोठे चित्र प्रमाणात कसे येते? तिने समजावले. लहान चित्रावर चौकटी पाडतात, भिंतीवर त्याच हिशेबाने मोठ्या चौकटी पाडतात आणि एकेक चौकट भरत जातात. भिंत फार मोठी नसेल तर रात्री प्रोजेक्टर लावून बाह्यरेषा उतरवून घेतात. पायाडावर उभ्या माणसाला आपण डोळा काढतोय की कान हेच दिसत नाही, म्हणून खाली एकजण उभा राहून ओरडून सांगतो. हे ऐकून मला आपल्या जालन्याचे पेंटर आठवले. तेही खडूत बुडवलेली सुतळी ताणून फटकन रेघ मारत आणि समोरच्या चहाच्या टपरीवरून पोरगा ओरडे, "उस्ताद, 'क' खाली आला!"

त्या मुलीने एक गोष्ट अशी सांगितली की ती माझ्या डोक्यातून जात नाही. जुने घर पाडून टॉवर उभा राहिला की चित्रही मातीत जाते, आणि चित्रे बघायला गर्दी वाढली की त्या गल्लीला भाव येतो. भाव आला की घर पडायची पाळी लवकर येते. चित्र घराची शोभा वाढवते आणि घराला धोकाही आणते. मी चाळीस वर्षे तारण-मूल्यांकनाचे कागद बघितले, पण चित्राचा असा परिणाम कुठल्या रकान्यात लिहायचा ते मला माहीत नव्हते.

त्याच मुक्कामात मेट्रोतून असल्फ्याची टेकडी पाहिली. घाटकोपरजवळची झोपडपट्टी. २०१७ च्या डिसेंबरात 'चल रंग दे' नावाच्या उपक्रमात स्वयंसेवकांनी ती घरे लाल, पिवळी, निळी करून टाकली. मेट्रोच्या खिडकीतून डोळ्यांना फार गोड दिसते. डब्यातल्या एका बाई म्हणाल्या, "अगदी इटली!" मला मात्र तेव्हा वाटले, आणि आजही वाटते, की रंग मेट्रोकडच्या बाजूला दिलेला आहे. आतल्या बाजूच्या नळाचे, नाल्याचे काय हे खिडकीतून कळत नाही. तिथे राहणाऱ्या काहींना आपल्या वस्तीचे नाव चांगल्या कारणाने पेपरात आले याचा आनंद झाला असेल, तो खोटा नाही. पण बघणाऱ्यासाठी रंगवलेली भिंत वेगळी आणि राहणाऱ्यासाठी रंगवलेली वेगळी. आपल्या सहाव्या विषयाला हे लागू आहे म्हणून बोललो.

परदेशातले एकच उदाहरण देतो, कारण ते आपल्या पोरांशी संबंधित आहे. अमेरिकेत फिलाडेल्फिया शहरात भिंतींवर स्प्रेने नावे लिहिणाऱ्या मुलांचा त्रास फार वाढला होता. १९८४ साली महापालिकेने त्यांच्यासाठी एक कार्यक्रम सुरू केला. जेन गोल्डन या चित्रकार बाईंनी त्याच मुलांच्या हातात ब्रश दिला आणि भिंती दिल्या. आज त्या शहरात अशी हजारो भित्तिचित्रे आहेत आणि ती दाखवायला पायी आणि गाडीतून सहली निघतात. आपल्याकडे जिन्यात कोणी पेनने नाव लिहिले की आपण नोटीस लावतो. नोटीसही भिंतीलाच चिकटवतो.

आता जालना. आपल्या भागाला भिंत रंगवायचे कोणी शिकवायला नको. अजिंठा आपल्यापासून किती लांब आहे? पण मी लेण्यांचे नाही, गल्ल्यांचे बोलतोय. आपल्यातल्या साठीच्या पुढच्या लोकांना आठवत असेल, लग्न ठरले की घराच्या दर्शनी भिंतीला चुना मारून पेंटर बोलवायचे. दारावर गणपती, दोन बाजूंना भालदार-चोपदार नाहीतर केळीचे खांब, आणि गेरूने 'चि. अमुक आणि चि. सौ. कां. तमुक यांचा शुभविवाह'. लग्न होऊन पोरे शाळेत जायला लागली तरी ती अक्षरे पुसट दिसत. गावोगावच्या भिंतींवर बियाण्यांच्या जाहिराती, कपाशीची बोंडे, मक्याची कणसे. जालना बियाण्यांचे गाव, त्यामुळे पेंटरांना पेरणीआधी फुरसत नसे. कुटुंबनियोजनाचा लाल त्रिकोण. निवडणुकीत तर अख्खी गल्ली एका रात्रीत रंगायची. पुढे शेषन साहेब आले आणि ते बंद झाले. आता तर १९९५ चा विद्रूपणविरोधी कायदाच आहे, दुसऱ्याच्या भिंतीवर विचारल्याशिवाय काही करता येत नाही. स्वतःच्या भिंतीवर ठराव करून करता येते.

१ मे १९८१ ला जालना जिल्हा झाला तेव्हा मी शाखेत होतो. तोवर सगळ्या पाट्यांवर 'जि. औरंगाबाद' असायचे. त्या महिन्यात गावातला एकही पेंटर घरी सापडत नव्हता. दुकाने, शाळा, पतपेढ्या, ट्रकचे दरवाजे, सगळीकडे 'जि. जालना' लिहायचे होते. आमच्या शाखेचा बोर्ड ज्यांनी बदलला त्या चाचांना मी पुढे चार टक्क्यांच्या डीआरआय योजनेतून कर्ज दिले. शिडी, ब्रश, रंगाचे डबे, एक सायकल. तारण काहीच नाही. हप्ता ते स्वतः आणून भरत आणि काउंटरवर बोटाला लागलेला रंग पुसायला माझ्याकडे रद्दी कागद मागत. २०२३ ला जालना महानगरपालिका झाली तेव्हा पुन्हा पाट्या बदलल्या. या वेळी सगळ्या फ्लेक्सवर, दोन दिवसांत. चाचांच्या मुलाचे फ्लेक्स छापायचे मशीन आहे. मुलगा बापापेक्षा चांगले कमावतो, त्याला नावे ठेवायचे कारण नाही. फक्त वाढदिवसाच्या फ्लेक्सवर ज्यांचे फोटो असतात त्या सगळ्यांचे चेहरे एकसारखे गोरे असतात, एवढेच.

तर प्रस्तावांकडे येतो. छापील चित्र सर्वांत स्वस्त, हे खरे. पण आपली भिंत पश्चिमेकडे तोंड करून आहे. जालन्याचे एप्रिल-मेचे ऊन दुपारभर तिच्यावर पडते. दोन उन्हाळ्यांत ते उडून झालर होईल आणि पुन्हा खर्च. जाहिरातवाल्यांचा प्रस्ताव वाचताना मी माझा जुना चष्मा लावला. फुकट म्हणतात ते पाच वर्षांचे भाडेच आहे, फक्त ते आपल्याला पैशांत न देता रंगात देतात. द्यायचीच असेल भिंत, तर भाडे ठरवून द्या, पावती करा, हिशेबात दाखवा. कोपऱ्यावर नेहमी जो त्रास होतो त्यासाठी देवांच्या टाइल्स लावाव्यात असेही एकाने लिहून दिले आहे. मला हे मान्य नाही. देवाला अशा कामाला बसवू नये. तिथे दिवा लावा आणि रस्त्यापलीकडच्या मजुरांसाठी जवळचे स्वच्छतागृह उघडे राहील असे महापालिकेकडे लावून धरा.

तिसऱ्या प्रस्तावात चाचांचे नाव आहे. आता ते पंचाहत्तरीचे, माझ्याच वयाचे. पायाडावर त्यांचा पुतण्या चढेल, ते खालून ओरडतील. त्यांचा दर जास्त आहे हे मी लपवत नाही. शिवाय रंगाआधी खर्च आहेच : खालचे दोन फूट प्लास्टर ओल धरून फुगले आहे. बोअरच्या खारट पाण्याने बाग शिंपतो आपण, ती ओल भिंतीत चढते. ते खरवडून, पाणी बाहेर काढायची वाट करून, नवीन प्लास्टर सुकवून, अस्तर देऊन मगच रंग. हे न करता कोणाकडूनही चित्र काढून घेतले तरी पहिल्या पावसाळ्यानंतर पापुद्रे निघतील.

चित्र कशाचे यावर वाद होणार. सोसायटीत ज्यांचे जितके देव, जितके पुढारी, तितक्या सूचना आल्या आहेत. माझी सूचना छोटी आहे. गेटच्या डाव्या हाताला भिंतीवर कोळशाने काढलेले तीन स्टंप आहेत. पंचवीस वर्षांत आपण भिंत चार वेळा रंगवली आणि चारही वेळा आठवड्याच्या आत स्टंप परत आले. ज्यांनी ते पहिल्यांदा काढले ती पोरे आज पुण्यात, हैदराबादेत, एकजण अमेरिकेत आहे. त्यातला एक गेल्या दिवाळीत आपल्या मुलाला घेऊन तिथेच उभा राहून त्याला बॅट कशी धरायची ते दाखवत होता. तेवढा चौकोन चाचांना रिकामा सोडायला सांगावा. बाकी भिंतीवर मोसंबीची बाग काढा, मोती तलाव काढा, नाहीतर मुलांना विचारा.

आणि ठराव करण्यापूर्वी एक काम. येत्या रविवारी सकाळी साडेसहाला मी गेटपाशी उभा राहणार आहे. ज्यांना यायचे त्यांनी या. गांधी चमनपर्यंत रिक्षाने, तिथून पायी, मस्तगडाच्या बाजूने कादराबादकडे, बडी सडकेवरून परत. दीड तास. हाताने रंगवलेल्या जुन्या पाट्या किती उरल्यात ते मोजायचे, लग्नाची एखादी भिंत दिसली तर थांबायचे. चाचा वाटेत भेटणार आहेत, कोणती पाटी कोणाच्या हातची ते त्यांना अक्षराच्या वळणावरून कळते. वहिनींनी आणि मुलांनी जरूर यावे, घरातून पाण्याची बाटली आणावी. कोणाच्या खिडकीत डोकावायचे नाही. चहा परत आल्यावर माझ्याकडे.