मुळाशी जाणारा शब्द



वृत्तपत्रांत ‘रॅडिकल’ या शब्दाचे भाषांतर सर्रास ‘जहाल’ किंवा ‘कट्टर’ असे होते. परंतु त्याचे उगमस्थान लॅटिनमधील ‘रादिक्स’, म्हणजे मूळ. ‘रॅडिश’ त्याच कुळातला. आपला मुळाही संस्कृत ‘मूलका’तून आलेला. रसायनशास्त्रात तर ‘रॅडिकल’ला आपण मूलकच म्हणतो. गणितातील मूळ काढण्याच्या चिन्हालाही इंग्रजीत तेच नाव. आणि ‘वर्गमूल’ हा शब्द आर्यभटाच्या इ. स. ४९९च्या सुमाराच्या ग्रंथात आहे. अठराव्या शतकाच्या अखेरीस इंग्लंडमध्ये संसदेची समूळ सुधारणा मागणाऱ्यांना हे विशेषण लागले आणि ते राजकारणात रुळले.

जालन्याच्या शेतकऱ्याला हे समजावून सांगावे लागत नाही. मोसंबीचा डोळा तो जंबेरी किंवा रंगपूर लिंबाच्या खुंटावर बांधतो. झाड पिवळे पडले की बुंध्याजवळची माती उकरून आधी मुळे पाहतो. रागाच्या भरात फांद्या तोडणे हा जहालपणा. मूळ तपासून उपचार करणे ही मूलगामी वृत्ती. पहिल्यास आवेश पुरतो, दुसरीस अभ्यास आणि धीर लागतो.

म्हणून कोणावर ‘रॅडिकल’ असा शिक्का मारण्यापूर्वी विचारावे, हा मुळाशी जातो आहे की केवळ फांद्या तोडतो आहे? आणि हा प्रश्न प्रथम स्वतःलाच विचारावा.